तानाका किनुयो : पडद्यावर आणि पडद्यामागे

राजे, सेनापती आणि मुत्सद्दी यांच्या चरित्रांतून राष्ट्राचा इतिहास वाचावयाची आपल्याला सवय आहे. एखाद्या नटीच्या चरित्रातून तो वाचता येईल असे कोणी म्हटले, तर सुशिक्षित वाचकही किंचित हसेल. तरीसुद्धा जपानच्या विसाव्या शतकाविषयी वाचन करीत असता, १९२४ पासून थेट १९७७ पर्यंत रसिकांच्या दृष्टीपुढे राहिलेल्या एका नटीच्या आयुष्यात त्या देशाच्या स्थित्यंतरांचा ठसा जसा उमटलेला मला आढळला, तसा पुष्कळ मंत्र्यांच्या आत्मवृत्तांतही आढळला नाही. तिचे नाव तानाका किनुयो. जपानी रीत आडनाव आधी घालण्याची; ती सांभाळून पुढे आपल्या पद्धतीने मी त्यांचा उल्लेख किनुयोबाई असाच करणार आहे. मूकपट, बोलपट, युद्धकाळातील प्रचारपट, पराभवानंतरचे अस्वस्थ चित्रपट, रंगीत चित्रपट आणि अखेरीस दूरचित्रवाणी, इतक्या अवस्था या बाईंनी पाहिल्या. सुमारे अडीचशे चित्रपटांत त्यांनी भूमिका केल्या आणि सहा चित्रपटांचे दिग्दर्शन केले. या सहा चित्रपटांविषयीच मला विशेषेकरून लिहावयाचे आहे. कारण जपानी प्रेक्षकांनी किनुयोबाईंच्या सोसण्यावर जेवढे प्रेम केले, तेवढे त्यांच्या मतावर केले नाही, आणि त्यांना मत होते ही गोष्ट कळावयासही फार काळ जावा लागला.

त्यांचा जन्म २९ नोव्हेंबर १९०९ रोजी, जपानच्या मुख्य बेटाच्या पश्चिम टोकास असलेल्या शिमोनोसेकी या बंदराच्या गावी झाला. आठ भावंडांत त्या सर्वांत धाकट्या. त्या अगदी लहान असतानाच वडील वारले आणि घरची स्थिती उतरत गेली. चरित्रकार आणखी एक गोष्ट सांगतात, ती पुढे उपयोगी पडणार असल्यामुळे येथे नमूद करून ठेवतो. थोरला भाऊ सक्तीच्या लष्करभरतीची वेळ येताच घर सोडून नाहीसा झाला. त्या काळच्या जपानात भरती चुकविणे म्हणजे साऱ्या घराण्याला काळिमा. शेजाऱ्यापाजाऱ्यांच्या नजरा आणि दारिद्र्य या दोहोंस कंटाळून ते कुटुंब ओसाका शहरी आले. तेथे ही मुलगी बिवा नावाचे वाद्य शिकली. चार तारांचे, लाकडी पट्टीने छेडावयाचे हे जुने वाद्य असून त्याच्या साथीवर लढायांच्या कथा गाण्याची तिकडे परंपरा आहे. आपल्या शाहिराच्या तुणतुण्याची आठवण व्हावी. ओसाकातील एका मुलींच्या संगीत नाटकमंडळीत ती बिवा वाजवू व गाऊ लागली, आणि १९२४ साली, वयाच्या चौदाव्या वर्षी, शोचिकु कंपनीच्या क्योतो येथील स्टुडिओत तिचा प्रवेश झाला.

त्या वेळी जपानी पडद्यावर स्त्रीने स्त्रीची भूमिका करणे ही गोष्टच नवी होती. काबुकी रंगभूमीवर स्त्रियांची कामे करणाऱ्या पुरुषांस ओन्नागाता म्हणत. आरंभीच्या जपानी चित्रपटांतूनही तेच नायिका होत असत. 'राजा हरिश्चंद्रा'तील साळुंक्यांची तारामती आणि बालगंधर्वांची सिंधू ज्यांच्या वाडवडिलांनी पाहिली, त्या मराठी वाचकांस याचे नवल वाटावयास नको. मात्र एक भेद ध्यानात ठेवावा. रंगभूमीवरील पुरुषाने रेखलेली स्त्री ही एक आदर्श आकृती असते. तिचे चालणे, मान तुकविणे, रडणे सारे ठरलेले. खऱ्या मुलींनी पडद्यावर पाऊल ठेवले तेव्हा ही आकृती त्यांच्या आधीच तेथे येऊन बसली होती, आणि त्यांना पहिली काही वर्षे तिच्याच मापाने जोखण्यात आले.

१९२५ साली किनुयोबाई तोक्योजवळच्या कामाता स्टुडिओत आल्या. शिमिझु हिरोशी या तरुण दिग्दर्शकाबरोबर १९२७ पासून त्यांनी संसार मांडला, पण विवाहाची रीतसर नोंद होण्यापूर्वीच, दोनएक वर्षांत, तो मोडला. पुढे त्या कायमच्या अविवाहित राहिल्या. शिमिझु यांच्या चित्रपटांतून मात्र त्यांनी नंतरही काम केले. खासगी दुःख आणि धंदा यांची सरमिसळ न होऊ देण्याचा हा करारीपणा त्यांच्या साऱ्या आयुष्यात दिसतो.

लौकिक लवकर आला. १९३० साली कंपनीने 'किनुयो मोनोगातारी', म्हणजे किनुयोची कथा, या नावाचाच चित्रपट काढला. जिचे पाळण्यातले नाव चित्रपटाचे शीर्षक होते, तिचे ते नाव मग तिचे एकटीचे राहत नाही. पुढच्या वर्षी, ज्या १९३१ सालात आपल्याकडे 'आलम आरा' लागला त्याच सालात, जपानचा पहिला यशस्वी बोलपट गोशो हेइनोसुके यांनी दिग्दर्शित केला. 'मादामु तो न्योबो', म्हणजे शेजारची मॅडम आणि घरची बायको, असे त्याचे नाव. एक नाटककार शांतपणे लिहावे म्हणून उपनगरात बिऱ्हाड करतो, तो मुलांचे रडणे, मांजरांचे भांडण आणि शेजारच्या घरातील जॅझचा गोंगाट त्याला एक ओळ लिहू देत नाहीत. ध्वनीचे नवल दाखवावयाचे, तर ध्वनीचा उपद्रव हाच कथेचा विषय करावा, ही युक्ती मला फार मार्मिक वाटते. किनुयोबाई त्यात त्या नाटककाराची बायको झाल्या होत्या. त्यांच्या बोलण्यात शिमोनोसेकीकडचा हेल होता आणि तो तोक्योच्या प्रेक्षकांस कसा वाटेल, याची धास्ती होती. जपानात मूकपटांच्या वेळी पडद्याशेजारी उभा राहून बेन्शी नावाचा निवेदक सर्व पात्रांचे बोलणे स्वतः बोलत असे. म्हणजे आवडत्या नटीचा खरा आवाज लोकांनी तोवर ऐकलाच नव्हता. तो ऐकला आणि लोक खूष झाले. बेन्शींचा धंदा मात्र हळूहळू बसला.

पुढील दशकातील यशाची यादी येथे देत नाही. १९३३ साली कावाबाता यासुनारी यांच्या कथेवरील 'इझुची नर्तकी' आणि १९३८ साली 'आइझेन कात्सुरा', एवढी दोन नावे पुरेत. यांपैकी दुसऱ्या चित्रपटात एक विधवा परिचारिका आणि एक तरुण डॉक्टर यांची भेट दर वेळी थोडक्यात हुकते आणि या हुकण्यावर साऱ्या देशाने अश्रू ढाळले. वाङ्मयदृष्ट्या तो चित्रपट सामान्य आहे. पण चीनशी युद्ध पेटलेले असताना घरोघरच्या बायकांस रडावयाला एक निमित्त हवे होते आणि ते किनुयोबाईंच्या चेहऱ्याने पुरविले. येथून पुढे तो चेहरा एक प्रकारे सार्वजनिक मालमत्ता झाला.

डिसेंबर १९४४ मध्ये लागलेला किनोशिता केइसुके यांचा 'रिकुगुन', म्हणजे भूदल, हा चित्रपट लष्कराच्या आश्रयाने निघालेला सरळसरळ प्रचारपट होता. मुलगा लढाईवर जातो आणि आईने त्यास हसतमुखाने निरोप द्यावा, एवढाच शेवट अपेक्षित होता. पण किनोशितांनी त्या निरोपाचे काही मिनिटांचे एक अखंड दृश्य केले. दुरून तुताऱ्यांचा आवाज येतो. घरात बसलेली आई अस्वस्थ होऊन उठते, रस्त्यात येते, धावू लागते. निशाणे फडकविणाऱ्या गर्दीतून वाट काढीत, ठेचकाळत, चालत्या पलटणीत आपला मुलगा शोधते, त्याच्या बरोबरीने काही पावले धावते, आणि गर्दीच्या लोंढ्यात मागे पडून शेवटी हात जोडते. युद्धाविरुद्ध त्यात एक शब्द नाही. परंतु ते दृश्य पाहून कोणाही आईला आपला मुलगा पाठवावासा वाटणार नाही. लष्करी अधिकाऱ्यांना ते रुचले नाही आणि युद्ध संपेपर्यंत किनोशितांचा दुसरा चित्रपट निघाला नाही. ज्या घरातील मुलगा भरती चुकवून नाहीसा झाला आणि त्यापायी ज्यांना गाव सोडावे लागले, त्या घरची मुलगी त्या गर्दीतून धावत होती, हे आठवले म्हणजे त्या दृश्याकडे निराळ्या दृष्टीने पाहावेसे वाटते.

पराभवानंतर अमेरिकन सत्ता आली. स्त्रियांना मताधिकार मिळाला आणि स्त्रीमुक्तीचे चित्रपट काढा असे नवे धनी सांगू लागले. मिझोगुची केंजी यांच्या १९४६ सालच्या एका चित्रपटात किनुयोबाई वकीलीण झाल्या; १९४८ साली 'रात्रीच्या स्त्रिया' यात त्यांनी युद्धाने विधवा होऊन रस्त्यावर आलेल्या वेश्येची भूमिका केली. १९४७ व १९४८ अशी लागोपाठ दोन वर्षे माइनिचि वृत्तपत्राचे श्रेष्ठ अभिनेत्रीचे पारितोषिक त्यांना मिळाले. आणि या यशाच्या शिखरावर असतानाच ती गोष्ट घडली, जिच्यामुळे त्यांच्या आयुष्याचे दोन भाग पडतात.

ऑक्टोबर १९४९ मध्ये त्या सदिच्छादूत म्हणून अमेरिकेस गेल्या. जाताना अंगावर किमोनो होता. हवाई बेटे आणि हॉलिवुड पाहून सुमारे तीन महिन्यांनी, जानेवारी १९५० मध्ये, त्या परतल्या तेव्हा पाश्चात्य पोशाख, डोळ्यांवर काळा चष्मा, आणि तोंडात इंग्रजी अभिवादन! तोक्योच्या गिंझा पेठेतून उघड्या मोटारीतून जाताना त्यांनी जमलेल्या लोकांकडे हाताने चुंबने फेकली. झाले! वृत्तपत्रे आणि साप्ताहिके त्यांच्यावर तुटून पडली. टवाळी, व्यंगचित्रे, निंदा यांचा पाऊस पडला. त्याच वर्षी एका चित्रपटात त्या आपल्याहून बऱ्याच तरुण असलेल्या मिफुने तोशिरो यांच्या प्रेयसी झाल्या, तेव्हा तर टीकाकारांनी त्यांच्या वयाचा उल्लेख सभ्यपणाची मर्यादा सोडून केला. वय होते चाळीस. आपण जीव द्यावा, असे विचार त्या दिवसांत मनात येत असत, असे त्यांनी पुढे सांगितले आहे.

हा सारा गहजब एका पोशाखासाठी आणि दोन हातवाऱ्यांसाठी होता, असे मला वाटत नाही. १९५० साली जपान अजून परक्या सैन्याच्या ताब्यात होता. अमेरिकन सत्तेवर उघड टीका करणे वृत्तपत्रांना सोपे नव्हते. अमेरिकन सैनिकांच्या हातात हात घालून फिरणाऱ्या मुली रस्तोरस्ती दिसत आणि प्रत्येक पुरुषाच्या मनात पराभवाचे शल्य सलत असे. ते शल्य बोलून दाखविण्यास एक सुरक्षित पात्र हवे होते. जिने 'रिकुगुन'मध्ये आपली आई व्हावयाचे, 'आइझेन कात्सुरा'मध्ये आपली प्रेयसी व्हावयाचे, तीच अमेरिकन होऊन आली! ज्या पुरुषांनी स्वतः गेल्या चार वर्षांत अमेरिकन सिगारेटी ओढल्या, अमेरिकन धान्य खाल्ले आणि अमेरिकन घटना स्वीकारली, त्यांना किनुयोबाईंचा काळा चष्मा सहन झाला नाही. परकीय अंमल अनुभवलेल्या कोणाही समाजास हा प्रकार अगदीच अनोळखी वाटू नये.

या निंदेतून त्यांस वर काढले ते मिझोगुचींनी, असे सांगण्याची प्रथा आहे आणि ते खोटेही नाही. १९५२ सालच्या 'साइकाकु इचिदाइ ओन्ना' या चित्रपटात, सतराव्या शतकातील साइकाकु या लेखकाच्या कादंबरीच्या आधारे, राजदरबारातील एका तरुणीची पायरीपायरीने वेश्येपर्यंत आणि शेवटी भिक्षेपर्यंत होणारी अधोगती दाखविली आहे. बेचाळीस वर्षांच्या किनुयोबाईंनी ती कोवळ्या तारुण्यापासून जर्जर प्रौढपणापर्यंत उभी केली. व्हेनिसच्या महोत्सवात त्या चित्रपटाचा सन्मान झाला. पुढल्याच वर्षी 'उगेत्सु' आणि त्यानंतर १९५४ साली 'सान्शो दायू' या दोन्ही चित्रपटांना तेथेच रौप्यसिंह मिळाला. 'उगेत्सु'मधील एक प्रसंग सांगितल्यावाचून राहवत नाही. धनलोभाने घर सोडून गेलेला कुंभार पुष्कळ दिवसांनी रात्री परत येतो. घर अंधारे, चूल थंड. तो बायकोला हाका मारीत घराला वळसा घालतो. कॅमेरा आतल्या आत त्याच्या रोखाने फिरतो. आणि तो पुन्हा दारात येतो तो काय, चुलीत जाळ आहे आणि बायको शांतपणे स्वयंपाक करीत बसली आहे. सकाळी कळते की ती केव्हाच भुकेल्या शिपायांच्या हातून मारली गेली होती. त्या रात्रीच्या किनुयोबाईंच्या मुद्रेवर तक्रार नाही, रोष नाही. नवरा झोपल्यावर त्याच्या फाटक्या कपड्यांस टाके घालीत बसलेली ती पिशाच्च आहे हे प्रेक्षकांस पहाटेपर्यंत समजत नाही.

आता येथेच थोडे थांबून विचार केला पाहिजे. मिझोगुचींच्या या थोर चित्रपटांत स्त्री सोसते, क्षमा करते आणि मरते. किंवा 'सान्शो दायू'तील आईप्रमाणे आंधळी होऊन समुद्रकाठी मुलांची वाट पाहते. स्त्रीचे दुःख इतक्या आदराने रंगविणारा दुसरा दिग्दर्शक मला ठाऊक नाही. पण हीच स्त्री उठून मी आता स्वतः सांगते असे म्हणाली, तर? किनुयोबाई तसे म्हणाल्या. १९५३ साली नारुसे मिकिओ यांच्या एका चित्रपटावर दिग्दर्शनाची उमेदवारी करून त्यांनी त्याच वर्षी आपला पहिला चित्रपट केला. ओझू यासुजिरो, नारुसे व किनोशिता या तिघांनी त्यांस उत्तेजन दिले. मिझोगुचींनी दिले नाही. दिग्दर्शकाला लागणारी बुद्धी त्यांच्याजवळ नाही, असे मत त्यांनी दिले होते. दुसऱ्या चित्रपटाच्या वेळी दिग्दर्शकसंघाचे अध्यक्ष या नात्याने त्यांनी विरोध केला आणि ओझूंना आपले वजन खर्च करावे लागले. चौदाएक चित्रपटांची जोडी १९५४ साली कायमची फुटली. १९५६ साली मिझोगुची वारले. दोघांच्या प्रेमाच्या कंड्या पिकविणाऱ्यांना त्यात खमंग मजकूर मिळाला, त्याकडे मी वळत नाही. मिझोगुचींच्या हाताखाली तयार झालेल्या साकाने ताझुको या बाईंनी १९३६ साली एक चित्रपट दिग्दर्शित केला होता. जपानातील त्या पहिल्या स्त्रीदिग्दर्शिका. युद्धानंतर त्यांना पुन्हा दिग्दर्शन करावयास मिळाले नाही. दुसऱ्यांच्या चित्रपटांची टिपणे ठेवण्याचे काम तेवढे मिळाले. किनुयोबाईंना हे उदाहरण डोळ्यांपुढे होते. हॉलिवुडातही त्या सुमारास आयडा लुपिनोंसारखी एखादीच नटी कॅमेऱ्यामागे उभी राहत होती.

त्यांनी पहिल्या चित्रपटासाठी निवडलेला विषय पाहावा. 'कोइबुमि', म्हणजे प्रेमपत्र. निवा फुमिओ यांची कादंबरी, पटकथा किनोशितांची. सैन्यातून परतलेला, मनाने खचलेला एक सुशिक्षित तरुण तोक्योच्या शिबुया भागात एका मित्राच्या छोट्या दुकानात बसून, स्वदेशी परत गेलेल्या अमेरिकन सैनिकांना तिकडच्या भाषेत पत्रे लिहून देतो. पत्रे लिहवून घेणाऱ्या साऱ्या टाकलेल्या जपानी स्त्रिया. त्यांना पैसे हवेत. एके दिवशी दाराशी त्याची स्वतःची हरवलेली प्रेयसी येते. तीही अशाच पत्रासाठी! मग त्याच्या तोंडून जी निर्भर्त्सना बाहेर पडते, तीत १९५० सालची सारी वृत्तपत्रे बोलतात. त्याचा मित्र त्यास विचारतो की युद्धाचा दोष ज्या देशातील एकाही माणसाने झटकता कामा नये, तेथे एकट्या बाईला दगड मारण्याचा अधिकार तुला कोणी दिला? अमेरिकेच्या पोशाखासाठी जिला लोकांनी रस्त्यात फाडून खाल्ले, तिने तीन वर्षांनी आपल्या समर्थनार्थ एक शब्दही न लिहिता हा चित्रपट केला, आणि पत्र लिहवून घ्यावयास आलेल्या बायकांपैकी एकीची छोटी भूमिका आपल्याकडे ठेवली. १९५४ साली तो कान येथील महोत्सवात दाखविला गेला. त्याचा शेवट थोडा घाईचा आणि भाबडा आहे, हे मान्य केले पाहिजे.

दुसरा चित्रपट, 'चंद्र उगवला', ओझूंच्या पटकथेवर असल्यामुळे ओझूंच्याच घडणीचा झाला. गोड आहे, परंतु उसना आहे. खरी किनुयोबाई दिसते ती १९५५ च्या अखेरीस निघालेल्या 'चिबुसा यो एइएन नारे' या तिसऱ्या चित्रपटात. नाकाजो फुमिको नावाची एक कवयित्री होऊन गेली. घटस्फोटित, मुलांची आई, स्तनाच्या कर्करोगाने ग्रासलेली. तिचा पहिला तांका-संग्रह १९५४ च्या जुलैत प्रसिद्ध झाला आणि ऑगस्टमध्ये, एकतिसाव्या वर्षी, ती वारली. तिची हकीकत पडद्यावर आणण्यास तानाका सुमिए या लेखिकेने पटकथा लिहिली. दोघींचे आडनाव एक असले तरी नाते काही नव्हते. स्त्रीने लिहिलेली आणि स्त्रीने दिग्दर्शित केलेली स्त्रीची कथा, असा योग जगात कोठेही त्या काळी दुर्मिळच. एका प्रसंगी नायिका मैत्रिणीच्या घरी न्हाणीत बसली असता, शस्त्रक्रियेने सपाट झालेली आपली छाती तिला मुद्दाम दाखविते. मैत्रीण तोंड फिरविते. मिझोगुची असते तर हा प्रसंग दुरून, कदाचित पडद्याआडून, अत्यंत करुण केला असता. येथे करुणा मागितलेली नाही. ही बाई आजारी आहे, चिडखोर आहे, हट्टी आहे, मरणाच्या दारात असताना एका पत्रकाराच्या प्रेमात पडते आणि त्याची लाज बाळगीत नाही. तिच्या मृत्यूला अवघे पंधरा महिने झाले असताना हे चित्र निघाले, हे ध्यानात घेतले म्हणजे त्याच्या धीटपणाची कल्पना येईल.

उरलेल्या तिहींपैकी दोहोंचा उल्लेख पुरे. मांचुरियाच्या बाहुल्या-सम्राटाच्या भावाशी लग्न लावून दिलेल्या एका जपानी सरदारकन्येच्या आठवणींवर १९६० सालचा चित्रपट बेतला आहे. १९६२ सालचा शेवटचा चित्रपट सोळाव्या शतकातील. देखणा, पण थंड. मधला, १९६१ सालचा, 'ओन्ना बाकारि नो योरु' हा मात्र लक्ष देण्याजोगा आहे. १९५६ साली जपानात वेश्याव्यवसायबंदीचा कायदा संमत झाला व दोन वर्षांनी अंमलात आला. नंतर सुधारगृहात ठेवलेल्या मुलींचे काय झाले, हा चित्रपटाचा विषय. सुटून आलेली मुलगी दुकानात, कारखान्यात, बागेत प्रामाणिकपणे राबते. आणि तिचा पूर्वेतिहास कळताच चांगल्या घरचे लोक तिला पुन्हा बाहेर ढकलतात. १९४८ साली मिझोगुचींच्या हाताखाली हीच बाई त्यांनी नटी म्हणून केली होती. तेथे सारी भीषणता रस्त्यावर होती. येथे ती सभ्य बैठकीत आहे.

१९६२ नंतर दिग्दर्शन थांबले. १९५८ साली जपानी चित्रपटगृहांत ११२ कोटींहून अधिक तिकिटे खपली होती. १९७० साली ती संख्या पंचवीस कोटींच्या आसपास उतरली. घरोघर दूरचित्रवाणी आली आणि कंपन्यांनी जोखमीची कामे टाळली. किनुयोबाई मात्र नटी म्हणून मागे सरल्या नव्हत्या. किनोशितांच्या १९५८ सालच्या 'नारायामा'त त्यांनी एकोणसत्तर वर्षांच्या ओरिन या म्हातारीचे काम केले. त्या दंतकथेतल्या गावात सत्तरी आली की म्हाताऱ्यांना डोंगरावर नेऊन सोडण्याची चाल आहे. आणि ओरिनचे दात अजून धड आहेत याची तिला लाज वाटते, म्हणून ती ते दगडावर आपटून पाडते. या भूमिकेसाठी किनुयोबाईंनी आपले पुढचे खरे दात काढून घेतले, असे सांगतात. तेव्हा त्यांचे वय अठ्ठेचाळीस. आठ वर्षांपूर्वी ज्यांनी वयावरून खिजविले होते, त्यांना याहून पुरे उत्तर कोणते देता आले असते? १९७० साली जपानी नभोवाणी संस्थेच्या वर्षभर चालणाऱ्या ऐतिहासिक मालिकेत त्या नायकाच्या आई झाल्या आणि नव्या पिढीला, जिने त्यांचा एकही मूकपट पाहिला नव्हता, त्या म्हातारी म्हणूनच परिचित झाल्या.

१९७४ साली कुमाइ केइ यांच्या 'सांदाकान क्रमांक आठ' या चित्रपटात त्यांची अखेरची मोठी भूमिका आली. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून क्युशु बेटावरील आमाकुसासारख्या दरिद्री भागातील हजारो मुली परदेशच्या कुंटणखान्यांत विकल्या गेल्या. त्यांना कारायुकी-सान म्हणत. बोर्निओ, सिंगापूर, रंगून येथे त्या असत. मुंबईच्या कामाठीपुऱ्यातही काही येऊन पडल्या होत्या, हे आपल्याकडे फारसे कोणी सांगत नाही. अशाच एका, आता गावकुसाशी मोडक्या झोपडीत मांजरांच्या संगतीने राहणाऱ्या ओसाकी या म्हातारीकडे एक तरुण संशोधिका येऊन राहते. म्हातारी ती कोण, कशासाठी आली, एक शब्द विचारीत नाही. निघतेवेळी संशोधिका सत्य सांगते आणि काही भेट देऊ पाहते, तेव्हा म्हातारी तिचा वापरातला पंचा मागते. पुढे तोंड पुसताना तुझी आठवण होईल म्हणून. तो हातात पडताच त्या सुरकुतलेल्या चेहऱ्यावर जो हंबरडा फुटतो, तो पाहून परीक्षकांनी १९७५ साली बर्लिन येथे श्रेष्ठ अभिनेत्रीचे रौप्य अस्वल त्यांस दिले. वेश्या त्यांनी मिझोगुचींसाठी केली, आपल्या चित्रपटात तिची बाजू मांडली, आणि शेवटी म्हातारपणी ती पुन्हा झाल्या. तिन्ही वेळा तिच्याविषयीचे मत त्यांचे स्वतःचे होते, असे मला वाटते.

१९७६ साली एका स्त्रीवैमानिकाच्या जीवनावरील सकाळच्या दूरचित्रवाणी मालिकेचे निवेदन त्यांनी केले. रोज पंधरा मिनिटे त्यांचा आवाज घरोघर न्याहारीच्या वेळी ऐकू येई. पुढच्या वर्षाच्या आरंभी मेंदूतील गाठीमुळे त्यांस रुग्णालयात ठेवावे लागले. दृष्टी गेली. नात्याने दूरचे बंधू असलेले दिग्दर्शक कोबायाशी मासाकी त्यांची शुश्रूषा करीत होते. त्यांना त्यांनी विचारले की डोळ्यांनी दिसत नसले तरी करता येईल अशी एखादी भूमिका असेल काय? २१ मार्च १९७७ रोजी, सदुसष्टाव्या वर्षी, त्या तोक्यो येथे वारल्या.

१९८५ पासून माइनिचि पत्राने त्यांच्या नावाचे पारितोषिक सुरू केले. दिग्दर्शक इचिकावा कोन यांनी १९८७ साली त्यांच्या चरित्रावर 'एइगा जोयू', म्हणजे चित्रपटाची नटी, हा चित्रपट काढला. योशिनागा सायुरी यांनी त्यात किनुयोबाईंची भूमिका केली. तो चित्रपट १९५२ पाशी, साइकाकुच्या कथेचे चित्रण सुरू होत असताना संपतो. त्यापुढे त्या स्वतः कॅमेऱ्यामागे गेल्या, ते त्यात नाही. त्यांच्या सहाही चित्रपटांच्या प्रती नव्याने दुरुस्त होऊन २०२१ साली फ्रान्समध्ये लिआँच्या महोत्सवात एकत्र दाखविल्या गेल्या.